मालक विचारतात, "आपल्याकडे चोरण्यासारखं आहे तरी काय?" – कंपन्यांमधल्या सायबर हेरगिरीबद्दल

भोसरीकर_आयटी

नमस्कार मंडळी. भोसरी एमआयडीसीत एका डायकास्टिंगच्या (वितळलेला धातू डायमध्ये, म्हणजे साच्यात, भरून पार्ट बनवणाऱ्या) कंपनीत आयटी बघतो. आयटी म्हणजे काय तर टॅली, ईआरपी, प्रिंटर, सीसीटीव्ही, बायोमेट्रिक, मालकांच्या मुलीचा लॅपटॉप, ज्याला ज्याला वायर आहे ते सगळं माझ्याकडे. दीडशेच्या आत माणसं. आमचा एक ग्राहक जर्मनीतला आहे, त्यांनी आता एक लांबलचक एक्सेल पाठवलीय, आमची ड्रॉइंग कुठे ठेवता, कोण कोण उघडू शकतं, कोणी कॉपी केली तर तुम्हाला कळेल का, लॉग (कोणी कधी काय केलं याच्या कॉम्प्युटरवरच्या नोंदी) किती दिवस ठेवता, मशीनच्या मेंटेनन्सला बाहेरून कोण लॉगिन करतं, असले प्रश्न, आणि निम्म्या प्रश्नांना सध्या आमचं उत्तर सरळ "नाही" आहे.

ते घेऊन मालकांकडे बजेट मागायला गेलो तर ते हसायलाच लागले. म्हणे "अरे आपण काय क्षेपणास्त्रं बनवतो का? ब्रॅकेट आणि हाउसिंग बनवतो. चीनमधला माणूस रात्र जागून आपला रिजेक्शन रिपोर्ट वाचणारे का?" रॅन्समवेअर (फाइल कुलूपबंद करून खंडणी मागतात ते) त्यांना लगेच पटतं कारण आमच्याच लायनीतल्या एका कंपनीत झालं होतं, डिस्पॅच बंद, ट्रक गेटवर उभे, ते डोळ्याला दिसतं. हेरगिरी दिसत नाही म्हणजे ती नाहीच, असं त्यांचं गणित.

तर हे प्रकरण खरंच केवढं आहे? पेपरात येतं ते सगळं सरकार, लष्कर, गुगल. आमच्यासारख्यांच्या वाट्याला येतं का, आणि आलं तर नुकसान नेमकं कशात होतं? सिक्युरिटी विकणाऱ्यांचे पीपीटी नकोत, ते बरेच येऊन चहा पिऊन गेलेत. मालकांपुढे ठेवता येतील अशा खऱ्या केसेस सांगा.

लॉगवाचक

हिंजवडीत एका सॉकमध्ये (सायबर सुरक्षेची पाळत ठेवणारं केंद्र) आहे, म्हणजे दुसऱ्यांच्या कंपन्यांचे लॉग बघत बसायचं, रात्रपाळी धरून. तुमच्या मालकांनी नकळत बरोबर जागी बोट ठेवलंय. रॅन्समवेअरवाला स्वतःच येऊन सांगतो की मी आलोय, त्याचा धंदाच त्यावर चालतो. हेराचं उलटं, तुम्हाला कळलं की त्याचं काम संपलं. फाइल नेली तरी फाइल जागेवरच असते, सर्व्हर चालू, बिलं निघतायत, पगार होतायत, काहीच बिघडलेलं नाही.

म्हणून किती जणांकडे चोरी झाली याच्या आधी हे बघा की कळायला किती वेळ लागतो. मँडियंट म्हणून कंपनी आहे, आता गुगलची, ते दरवर्षी स्वतः तपासलेल्या केसेसचा हिशोब छापतात. २०११ च्या केसेसमध्ये घुसखोर आत आल्यापासून सापडेपर्यंतचा मीडियन (सगळ्या केसेस ओळीने लावल्या तर मधला आकडा) होता ४१६ दिवस, वर्षाच्या वर, आणि १०० पैकी ९४ कंपन्यांना ते स्वतःहून कळलंच नव्हतं, बाहेरच्या कोणीतरी सांगितलं. २०२४ च्या केसेसमध्ये तो मीडियन ११ दिवसांवर आलाय पण त्यावर खूश व्हायचं कारण नाही, त्यात रॅन्समवेअरच्या केसेस मिसळलेल्या आहेत आणि तो गडी काही दिवसांत स्वतःच दार वाजवतो त्यामुळे एकूण आकडा खाली ओढला जातो. आणि अजूनही निम्म्याहून जास्त लोकांना बाहेरूनच कळतंय.

मोठी केस म्हणाल तर एपीटी१, हे मँडियंटनेच एका चिनी हॅकर गटाला दिलेलं नाव. फेब्रुवारी २०१३ चा रिपोर्ट, शांघायच्या पुडोंगमधली १२ मजली इमारत, चिनी लष्कराचं युनिट ६१३९८, २००६ पासून २० उद्योगांमधल्या १४१ संस्थांमधून डेटा नेला. एका ठिकाणी ४ वर्षं १० महिने आत होते. एका कंपनीतून १० महिन्यांत साडेसहा टेराबाइट.

पण मालकांना १४१ सांगून काही होणार नाही. त्यांना सोलरवर्ल्ड सांगा. मे २०१४ मध्ये अमेरिकेने त्याच युनिटच्या ५ अधिकाऱ्यांवर आरोपपत्र ठेवलं, त्यात वेस्टिंगहाउस, यूएस स्टील, अल्कोआ आणि चक्क पोलाद कामगारांची युनियनसुद्धा होती. (युनियनमध्ये काय चोरायचं? तर व्यापारी तंट्यात पुढची चाल काय खेळणार ते.) सोलरवर्ल्ड सोलर पॅनल बनवायची. तिच्याकडून काय गेलं ते आरोपपत्रातच आहे, हातात रोख किती, उत्पादन खर्च किती, प्रॉडक्शन लाइनची माहिती, आणि चिनी पॅनलवाल्यांविरुद्ध जे डंपिंगचं (परदेशात मुद्दाम पडेल भावात माल ओतल्याचं) प्रकरण चालू होतं त्यातला वकिलांशी झालेला पत्रव्यवहार. म्हणजे पॅनल कसं बनतं एवढंच नाही तर ही कंपनी किती दिवस तग धरेल आणि कुठल्या भावाला मोडेल ते हवं होतं.

आता हे तुमच्याकडे कुठे असतं सांगा? कोटेशनच्या एक्सेलमध्ये. कुठल्या पार्टला किलोमागे काय सुटतं, कुठल्या ग्राहकाला किती डिस्काउंट, पुढच्या आरएफक्यूला (ग्राहक भाव मागवतो ती चौकशी) किती खाली जायची तयारी आहे. ब्रॅकेटचं ड्रॉइंग कोणाला नको असेल एकवेळ, पण ते शीट तुमच्या प्रत्येक कॉम्पिटिटरला हवंय. मालकांना एवढंच विचारा की ते शीट समोरच्याच्या हातात पडलं तर पुढची ऑर्डर कोणाची.

शंकासुर

लॉगवाचक भाऊ, केसेस खऱ्या आहेत, वाद नाही. पण जो घाबरवतोय तोच वस्तू विकतोय हे डोक्यात ठेवून वाचायचं. जर्मनीत बिटकॉमवाले (तिथल्या आयटी कंपन्यांची संघटना) दरवर्षी सर्व्हे काढतात, २०२४ चं नुकसान म्हणे सुमारे २६७ अब्ज युरो. कसं काढलं? हजारेक कंपन्यांना विचारलं तुमचं किती गेलं, त्यांनी अंदाजपंचे सांगितलं, ते देशभराला गुणलं. त्यात चोरी, तोडफोड, हेरगिरी सगळं एकाच पिशवीत. अमेरिकेत २०१७ ला आयपी (बौद्धिक संपदा) कमिशनने वर्षाला २२५ ते ६०० अब्ज डॉलर सांगितले, त्यात नकली माल आणि पायरेटेड सॉफ्टवेअर पण धरलेलं. २२५ ते ६००! आमच्या शेतमोजणीत एवढा फरक आला असता तर भाऊबंदकीत डोकी फुटली असती.

आणि नॉर्टेल. हे नाव आता कोणीतरी काढणारच म्हणून आधीच सांगतो. कॅनडाची टेलिकॉम कंपनी, घुसखोरांकडे सीईओ धरून ७ वरिष्ठांचे पासवर्ड होते, २००० च्या सुमारास शिरले, २००४ ला कंपनीला पत्ता लागला, तेव्हा पासवर्ड बदलले आणि फार काही न करता गप्प बसले, २००९ ला कंपनीने दिवाळखोरी मागितली. हे सगळं २०१२ मध्ये वॉल स्ट्रीट जर्नलने छापलं. आता पीपीटीत काय दाखवतात, "हॅकिंगमुळे नॉर्टेल बुडाली". अहो डॉटकॉमचा फुगा फुटला होता, वर हिशोबातला घोटाळा निघाला होता, २००८ ची मंदी. हेरगिरीचा वाटा असेलही, पण किती, हे कोणालाच काढता आलेलं नाही.

आपल्याकडेही तेच. १२ ऑक्टोबर २०२० ला मुंबई अंधारात गेली, लोकल बंद पडल्या, आठवत असेल. पुढच्या फेब्रुवारीअखेर रेकॉर्डेड फ्यूचर नावाच्या अमेरिकन कंपनीचा रिपोर्ट आला की चिनी गट भारताच्या वीज यंत्रणेत शिरलेत, त्यात मुंबईचा अंधार त्यामुळेच झाला असं सिद्ध केलेलं नव्हतं, तरी हेडलाइन झाली. राज्याचे गृहमंत्री म्हणाले मालवेअरचा संशय, केंद्राचे ऊर्जामंत्री म्हणाले माणसाची चूक. बसा आता. याच्या बरोबर उलटं कुडनकुलम, २०१९ ला अणुवीज केंद्राने एक दिवस सांगितलं की सायबर हल्ला शक्यच नाही आणि दुसऱ्या दिवशी एनपीसीआयएलने (हे केंद्र चालवणारी सरकारी कंपनी) मान्य केलं की हो, ऑफिसच्या नेटवर्कमध्ये मालवेअर सापडलं होतं, सर्ट-इनने (केंद्र सरकारची सायबर सुरक्षा संस्था) आधीच सप्टेंबरमध्ये कळवलं होतं. तेव्हा "झालंय" वर विश्वास ठेवायचा नाही आणि "झालंच नाही" वर तर अजिबात नाही.

आणखी एक, सगळे चीन चीन करतायत. २०२० मध्ये टोरंटोच्या सिटिझन लॅबने डार्क बेसिन नावाने रिपोर्ट काढला, भाड्याने हॅकिंग करून देणारा गट, हजारो माणसं आणि शेकडो संस्था टार्गेट, आणि त्याचा धागा त्यांनी दिल्लीतल्या एका छोट्या कंपनीपर्यंत नेला. म्हणजे तुमची माहिती काढायला समोर एखादं सरकारच असायला हवं असं नाही, कोर्टात तुमच्याशी भांडणारी पार्टी पैसे मोजून हे करून घेऊ शकते. हा मुद्दा मालकांना जास्त पटेल बघा.

लॉगवाचक

शंकासुर, नॉर्टेलबद्दल मान्य, मी पण ते वापरत नाही. पण नुकसान मोजता येत नाही हे सरसकट खरं नाही, एक केस अशी आहे की तिथे सगळं कोर्टात सिद्ध झालं आणि ती तुमच्या आमच्यासारख्या सप्लायरचीच आहे.

एएमएससी, म्हणजे अमेरिकन सुपरकंडक्टर, मॅसॅच्युसेट्सची कंपनी. पवनचक्कीचा जो मेंदू असतो, कंट्रोलचं सॉफ्टवेअर आणि इलेक्ट्रॉनिक्स, ते बनवायची. ग्राहक सिनोव्हेल, चीनमधली बलाढ्य पवनचक्की कंपनी, एएमएससीच्या उलाढालीचा बहुतेक हिस्सा या एकाच ग्राहकाचा. मार्च २०११ मध्ये सिनोव्हेलने अचानक माल उतरवून घ्यायला नकार दिला. कारण कळेना. एप्रिलमध्ये बातमी बाहेर आली आणि एका दिवसात शेअर ४० टक्क्यांच्या आसपास आपटला. मग उन्हाळ्यात चीनमध्येच एका पवनचक्कीवर त्यांच्या इंजिनिअरांना स्वतःचंच सॉफ्टवेअर चालताना दिसलं जे त्यांनी कधी दिलेलंच नव्हतं.

निघालं काय, तर एएमएससीच्या ऑस्ट्रियातल्या ऑफिसात एक माणूस होता, त्याला सिनोव्हेलने पैशाची आणि नोकरीची ऑफर देऊन फोडला, त्याने विस्कॉन्सिनमधल्या कंपनीच्या कॉम्प्युटरवरून सोर्स कोड ऑस्ट्रियात उतरवून घेतला आणि दिला. हॅकिंगबिकिंग काही नाही, त्याला ॲक्सेस होताच. आणि कहर म्हणजे त्या चोरलेल्या सॉफ्टवेअरवरच्या काही पवनचक्क्या नंतर मॅसॅच्युसेट्समध्येच, म्हणजे यांच्या घरच्या राज्यात, उभ्या राहिल्या. जानेवारी २०१८ ला अमेरिकेच्या कोर्टात सिनोव्हेल दोषी ठरली. सरकारी वकिलांच्या हिशोबाने भागधारकांचे १ अब्ज डॉलरच्या वर गेले आणि जवळजवळ ७०० नोकऱ्या, म्हणजे कंपनीतली निम्म्याहून जास्त माणसं. परत काय मिळालं? तडजोडीचे ५ कोटी ७५ लाख डॉलर, शिवाय १५ लाखांचा दंड. सात वर्षांनी.

मला यातलं सगळ्यात वाईट वाटतं ते हे की एएमएससीला पहिली खूण कॉम्प्युटरवर दिसलीच नाही. ग्राहकाने ऑर्डर थांबवली ही पहिली खूण. आपल्याकडे अशी ऑर्डर गेली तर सेल्सवाल्याला शिव्या पडतात, लॉग कोण बघतंय.

टूलरूम_काका

तीस वर्षं टूलरूममध्ये काढली, भोसरी पिंपरी चाकण सगळं पालथं घातलंय. तुम्ही पोरं शांघायच्या गोष्टी सांगताय आणि इथे डायचं थ्रीडी मॉडेल व्हॉट्सॲपवर फिरतंय. जॉबवर्कवाल्याला द्यायचं म्हणून ग्रुपवर टाकलं, त्या ग्रुपात त्याचा भाचा, भाच्याचा मित्र दुसऱ्या कंपनीत. सीएनसीचे प्रोग्राम पेनड्राइव्हवर, तो पेनड्राइव्ह ऑपरेटरच्या खिशात, त्याच्यावरच लग्नाचे फोटो. एक डिझाइनर नोकरी सोडून गेला, सहा महिन्यांत समोरच्याकडे आमच्यासारखीच डाय, गेटिंगसकट (धातू आत जायच्या वाटा) सेम टू सेम. कोणाला पकडलं? कोणालाच नाही, सिद्ध काय करणार. त्या ऑस्ट्रियातल्या माणसाची गोष्ट वाचली तेव्हा म्हटलं हे तर आपलंच.

आणि भोसरीकर, गेलेल्या माणसाचे लॉगिन बंद करता का रे वेळच्या वेळी? आधी ते बघ, मग फायरवॉल.

राइनकाठची

इथे कोलोनजवळ राहते, एका गाड्यांच्या पार्ट्सच्या कंपनीत खरेदी विभागात आहे, म्हणजे ती एक्सेल पाठवणाऱ्यांच्या बाजूची 🙂 म्हणून आमच्या बाजूने सांगते.

ही एक्सेल कुठून येते ते कळलं तर मालकांना राग कमी येईल. इथे २०१७ पासून टिसॅक्स नावाची पद्धत आहे, जर्मन गाडी कंपन्यांच्या संघटनेची प्रश्नावली असते आणि त्यावर सप्लायरचं ऑडिट होतं, पास झालात की साधारण तीन वर्षं चालतं. प्रोटोटाइपचं काम असेल तर वेगळा भाग, फोटो कोण काढू शकतं इथपर्यंत. मोठ्या कंपन्या आम्हाला मागतात, आम्ही तुम्हाला मागतो.

आणि हे उगाच नाहीये. एप्रिल २०२४ मध्ये झेडडीएफ आणि श्पीगलने छापलं की फोक्सवॅगनमध्ये २०१० ते २०१५ अशी पाच वर्षं घुसखोर होते, सुमारे १९,००० डॉक्युमेंट गेली, पेट्रोल इंजिन, ड्युअल क्लचचे गिअरबॉक्स, इलेक्ट्रिक गाड्यांचं काम. खुणा चीनकडे जातात असं तपासणाऱ्यांचं म्हणणं, चीनने अर्थातच नाकारलं. फोक्सवॅगनकडे केवढी मोठी सुरक्षा टीम असेल, तरी पाच वर्षं. बातमी बाहेर यायला आणखी नऊ. शंकासुर म्हणतात तसं याचे पैसे कोणी मोजू शकत नाही हे खरंय, पण चीनमध्ये आज या लोकांच्या गाड्यांची काय अवस्था आहे ते इथे रोज जेवणाच्या सुट्टीत ऐकते. सगळं चोरीमुळे झालं असं मीही म्हणणार नाही, त्यांची बॅटरी आणि सॉफ्टवेअर खरंच पुढे गेलंय.

आता "आमच्याकडे काय आहे" याचं दुसरं उत्तर, तुमच्याकडे आम्ही आहोत. क्लाउड हॉपर म्हणून प्रकरण झालं, डिसेंबर २०१८ ला अमेरिकेने दोन चिनी लोकांवर आरोप ठेवले. त्यांनी कंपन्यांवर एकेक करून हल्ला करण्याऐवजी त्या कंपन्यांचं आयटी सांभाळणाऱ्यांवर केला, कारण त्यांच्याकडे सगळ्यांचे लॉगिन असतात. भारत धरून १२ देशांतले ग्राहक त्यात आले. तसंच २०२० चं सोलरविंड्स, एका नेटवर्क सॉफ्टवेअरच्या अधिकृत अपडेटमध्येच मालवेअर घातलं, १८,००० च्या आसपास ग्राहकांनी ते उतरवून घेतलं, आणि प्रत्यक्षात आत शिरून काम केलं ते फक्त शंभरेक कंपन्या आणि अमेरिकेच्या ९ सरकारी संस्थांमध्ये. बाकीच्यांना हातही लावला नाही. इतकं निवडून. तेव्हा तुमच्या सर्व्हरवर कोणी आलं तर ते तुमचा रिजेक्शन रिपोर्ट वाचायला आलेलं नसेल, आमच्या पोर्टलचा पासवर्ड आणि तुमच्या खऱ्या मेल आयडीवरून आम्हाला मेल पाठवायला आलेलं असेल. तुमच्याकडून आलेली फाइल आमचा माणूस बिनधास्त उघडतो ना.

पुण्यातली_परी

थोडं अवांतर, पण फक्त गाड्यांचंच नाही हे. कोविडच्या वेळी नोव्हेंबर २०२० ला मायक्रोसॉफ्टने सांगितलं होतं की लस आणि औषधांवर काम करणाऱ्या ७ कंपन्यांवर रशिया आणि उत्तर कोरियाच्या गटांनी हल्ले केले, त्यात भारतातली पण होती. मग मार्च २०२१ ला सायफर्मा नावाच्या कंपनीने दावा केला की चिनी गटाने आपल्या सीरमच्या आणि भारत बायोटेकच्या सिस्टिममधल्या कच्च्या जागा हेरून ठेवल्यात. आम्ही हडपसरवाले तेव्हा रोज सीरमचे ट्रक बघायचो आणि ही बातमी वाचून जाम टरकलो होतो. आणि आपल्या पुण्याचीच क्विक हील, तिच्या सेक्राइट विभागाने २०२० ला साइडकॉपी म्हणून गट उघडकीला आणला, पाकिस्तानकडून आपल्या संरक्षण खात्यातल्या लोकांना खोटी डॉक्युमेंट पाठवणारा, दुसऱ्या एका गटाची पद्धत जशीच्या तशी उचलतो म्हणून नाव साइडकॉपी. हेरांमध्ये पण कॉपी असते 😄 पुण्यात डिफेन्सचे सप्लायर किती आहेत बघा, त्यातले निम्मे भोसरीकरांच्या कंपनीएवढेच.

अॅड_कोल्हापूरकर

वकिली करतो. कायद्याच्या अंगाने थोडं, कारण मालक हा प्रश्न हमखास विचारतील की चोरी झालीच तर आपण काय करू शकतो.

आपल्याकडे ट्रेड सिक्रेटसाठी (धंद्यातली गुपितं) वेगळा कायदा नाही. मार्च २०२४ मध्ये विधी आयोगाने २८९ वा अहवाल नेमका यावरच दिला, ट्रेड सिक्रेट आणि आर्थिक हेरगिरी, सोबत विधेयकाचा मसुदा जोडला, पण तो अजून मसुदाच. त्यामुळे आज भिस्त करारावर, म्हणजे एनडीए (माहिती गुप्त ठेवण्याचा करार) आणि नेमणूकपत्रातल्या गोपनीयतेच्या कलमांवर. ती कलमं बहुतेक छोट्या कंपन्यांनी नेटवरून उतरवलेली असतात आणि कोर्टात पहिल्या तारखेलाच उघडी पडतात, कारण गोपनीय म्हणजे नक्की काय हे कुठेच लिहिलेलं नसतं.

दुसरा रस्ता आयटी कायदा. परवानगीशिवाय डेटा कॉपी केला तर कलम ४३, आणि ते बदनियतीने केलं असेल तर कलम ६६ खाली तीन वर्षांपर्यंत शिक्षा किंवा पाच लाखांपर्यंत दंड किंवा दोन्ही. भरपाईसाठी दिवाणी कोर्टातच जावं लागतं असा समज आहे, तसं नाही, पाच कोटींपर्यंतचा दावा राज्याच्या आयटी सचिवांपुढे चालतो, ते या कायद्याखालचे निर्णय अधिकारी असतात. हे फार थोड्या लोकांना माहीत आहे.

तिसरं, तुमच्यावरच्या जबाबदाऱ्या. सर्ट-इनचा २८ एप्रिल २०२२ चा आदेश आहे, घटना लक्षात आल्यापासून ६ तासांत कळवायचं आणि लॉग १८० दिवस भारतात ठेवायचे. छोट्या उद्योगांना सुरुवातीला थोडी मुदतवाढ मिळाली होती, ती सप्टेंबर २०२२ ला संपली. म्हणजे जर्मन ग्राहक जे मागतोय त्यातलं काही इथल्या नियमानेही लागतंच. डीपीडीपी (डिजिटल वैयक्तिक डेटा संरक्षण) कायद्यातल्या २५० कोटींच्या दंडाची भीती कोणी घातली तर एवढं लक्षात ठेवा, तो वैयक्तिक माहितीसाठी आहे, तुमच्या डायच्या ड्रॉइंगला तो लागू होत नाही.

पण या सगळ्याला पुरावा लागतो. टूलरूमकाकांच्या डिझाइनरचं प्रकरण माझ्याकडे आलं असतं तर मी पहिलं विचारलं असतं, त्याने शेवटच्या महिन्यात कुठल्या फाइल उघडल्या ते दाखवा. तेच नसेल तर पुढे बोलण्यात अर्थ नाही.

भोसरीकर_आयटी

बापरे, एवढं येईल असं वाटलं नव्हतं. सगळ्यांचे आभार. काका, गेलेल्या लोकांचे लॉगिन कालच काढायला बसलो, तीन वर्षांपूर्वी सोडून गेलेल्या क्वालिटीच्या माणसाचं व्हीपीएन (बाहेरून कंपनीच्या नेटवर्कमध्ये यायची वाट) चालू निघालं. माझ्या आधीच्या माणसाच्या काळातलं आहे पण असो.

मालकांना कोटेशनच्या शीटचा मुद्दा सांगितला. हसले नाहीत. "ते शीट कुठंय?" म्हणाले. ते सगळ्यांना दिसणाऱ्या शेअर फोल्डरमध्ये आहे म्हटल्यावर बराच वेळ काही बोलले नाहीत, मग म्हणाले काय लागेल ते लिहून दे पण लाखाच्या आत बसव.

आता दोन अडचणी. एक, लॉग १८० दिवस ठेवायचे तर आमची फायरवॉल आठवड्याभरातच जुने पुसते, आणि ठेवले तरी बघणार कोण, मी एकटा. दोन, आमच्या दोन मशीनला परदेशातून मशीनवाल्या कंपनीचा रिमोट ॲक्सेस आहे, तो २४ तास चालू असतो, बंद केला तर वॉरंटीवरून बोंब मारतात.

लॉगवाचक

लाखात बसतं. एक जुना डेस्कटॉप घ्या, मोठी डिस्क टाका, त्यावर फुकटचं लिनक्स आणि सिसलॉग (लॉग एका जागी गोळा करणारं सॉफ्टवेअर), फायरवॉल आणि सर्व्हरचे लॉग तिकडे पाठवा. ते मशीन डोमेनमध्ये (कंपनीच्या सामाईक लॉगिन व्यवस्थेत) घेऊ नका, त्याचा पासवर्ड वेगळा, कारण आत आलेला माणूस आधी लॉगच पुसतो. रोज सगळं बघायची गरज नाही. आठवड्यातून एकदा दोनच गोष्टी, रात्री कंपनी बंद असताना बाहेर किती डेटा गेला, आणि कोणाच्या अकाउंटला नवा फोन जोडला गेला. ही दुसरी किरकोळ वाटते पण सोलरविंड्सचं प्रकरण फायरआय या सायबर सुरक्षा कंपनीने पकडलं ते त्यावरूनच, त्यांच्या एका कर्मचाऱ्याच्या लॉगिनला दुसरा फोन रजिस्टर झाला आणि कोणीतरी त्याला फोन करून विचारलं की बाबा हा तुझाच का. तो म्हणाला नाही.

आणि मेल मायक्रोसॉफ्टवर असेल तर ऑडिट लॉग चालू आहे का बघा. २०२३ मध्ये चिनी गट एक चोरलेली साइनिंग की (लॉगिन खरं आहे असं सिस्टिमला पटवणारी डिजिटल किल्ली) वापरून अमेरिकेच्या परराष्ट्र खात्याचे मेल वाचत होता, ६०,००० मेल नेले, ते सापडले कारण त्या खात्याने जास्त पैसे देऊन कुठला मेल कधी उघडला याचे लॉग घेतले होते. ज्यांनी घेतले नव्हते त्यांना काहीच दिसत नव्हतं. त्यावरून एवढा बोभाटा झाला की मायक्रोसॉफ्टने बरेचसे लॉग साध्या प्लॅनमध्ये दिले आणि मुदत ९० वरून १८० दिवस केली. म्हणजे तुमचे १८० तिथे आधीच मिळतायत.

रिमोटचं सोपं आहे, बंद नाही करायचा, मागितल्यावर चालू करायचा. मशीनवाल्याने मेल टाकायचा, तुम्ही चालू करायचा, काम झालं की बंद, वहीत वेळ लिहायची. वॉरंटी जात नाही त्याने, त्यांना फक्त फोन करायचा कंटाळा असतो. आणि ती दोन मशीन ऑफिसच्या नेटवर्कपासून वेगळ्या व्हीलॅनवर (नेटवर्कचा वेगळा कप्पा) टाका.

राइनकाठची

आणि ती एक्सेल भरताना एक. ज्याला "नाही" आहे तिथे घाबरून "हो" लिहू नका, आम्ही पुरावा मागतो आणि मग जास्त पंचाईत होते. "नाही" लिहा, शेजारी काय करणार आणि कुठल्या महिन्यापर्यंत ते लिहा, जबाबदार माणसाचं नाव टाका. तारीख असलेल्या "नाही" वर सप्लायर बाद केलेला मी तरी बघितलेला नाही. पण ती तारीख आम्ही कॅलेंडरला लावतो हं, विसरत नाही.